शकुनीला टाळ्या, कृष्णाला नारळ

बी. आर. चोप्रांच्या ‘महाभारता’वर कुठेही गप्पा सुरू झाल्या की एक गंमत हमखास होते. गुफी पेंटल यांचा विषय निघाला की लोक म्हणतात, काय काम केलंय माणसानं! तो बारीक केलेला डोळा, ते लंगडणं, ते फासे चोळणं. पुनीत इस्सर यांचा दुर्योधनही वाहवा घेऊन जातो. तिकडे ‘रामायणा’त अरविंद त्रिवेदींचा रावण तर विचारूच नका. आणि मग नितीश भारद्वाज यांचं नाव येतं आणि सूरच बदलतो. “साक्षात कृष्ण हो!” “चेहराच तसा.” “ते हसूच दैवी.” म्हणजे शकुनीनं अभिनय केला, रावणानं अभिनय केला, आणि कृष्ण काय तो आपोआप झाला.

मला हे कधीच पटलेलं नाही. आज जरा सविस्तर लिहितो. पोस्ट लांब आहे, चहा घेऊन बसा.

आधी माणूस बघा. मुंबईचा मराठी मुलगा, परळच्या पशुवैद्यकीय महाविद्यालयात शिकलेला. आमच्याकडे ज्याला सगळे ‘बैलघोडा’ म्हणतात, त्या जनावरांच्या इस्पितळाच्या आवारातलं कॉलेज. पुढे रेसकोर्सवर घोड्यांचा डॉक्टर म्हणून काही काळ नोकरी. (अर्जुनाचा सारथी घोड्यांचा डॉक्टर होता, यापेक्षा चांगलं कास्टिंग कोणाला सुचणार?) पण हे सगळं चालू असताना मराठी रंगभूमीवर सुधा करमरकर, डॉ. काशिनाथ घाणेकर, प्रभाकर पणशीकर अशा माणसांच्या हाताखाली उमेदवारी, आणि नंतर दिनेश ठाकूर यांच्याबरोबर हिंदी नाटक. पणशीकरांच्या आसपास वावरलेल्या पोराला ‘चेहराच तसा’ म्हणून मोकळं होणं हा त्या सगळ्या मेहनतीचा अपमान आहे, असं माझं स्पष्ट मत आहे.

‘महाभारता’त ते आधी गेले होते विदुराच्या भूमिकेसाठी. ती वीरेंद्र राझदान यांच्याकडे गेली. विदुर पुढे म्हातारा होणार आणि हा पंचविशीच्या आतबाहेरचा पोरगा, तेव्हा ते बरोबरच झालं म्हणायचं. नकुल-सहदेवाची विचारणा झाली, ती यांना नको होती. कृष्णाची स्क्रीन टेस्ट तर ते टाळत होते, एवढ्या मोठ्या भूमिकेसाठी आपला अनुभव तोकडा आहे म्हणून. हे सगळं त्यांनीच मुलाखतींतून सांगितलंय. ज्याला आपण ‘देवानंच पाठवला’ म्हणतो, तो माणूस पळवाट शोधत होता.

आता प्रत्यक्ष काम. युद्धाआधी अर्जुन आणि दुर्योधन दोघेही मदत मागायला द्वारकेला येतात तो प्रसंग घ्या. कृष्ण झोपलेला, दुर्योधन उशाशी, अर्जुन पायाशी. गोष्ट आपल्याला आजीच्या मांडीवरून पाठ आहे. तरीही बघावंसं वाटतं, कारण कृष्ण जागाच आहे हे आपल्याला माहीत असतं आणि दुर्योधनाला नसतं. डोळे उघडतात, नजर आधी पायाशी जाते, मग मागे वळून ‘अरे, तुम्हीसुद्धा!’ असं आश्चर्य. ते आश्चर्य खोटं आहे. ते समोरच्या पात्राला खरं वाटलं पाहिजे, घरी बसलेल्या माणसाला खोटं आहे हे कळलं पाहिजे, आणि कृष्ण लबाड असला तरी हलकट वाटता कामा नये. नाटकात काम केलेल्या कुणालाही विचारा, हे तीन दगडांवर पाय ठेवणं किती अवघड असतं ते.

किंवा कृष्णशिष्टाई. हस्तिनापूरच्या दरबारात मुकेश खन्नांचा भीष्म, गिरिजा शंकर यांचा धृतराष्ट्र, सुरेंद्र पाल यांचा द्रोण, पंकज धीर यांचा कर्ण. एकेकाचे आवाज असे की आमच्या चाळीत चौथ्या खोलीपर्यंत टीव्ही लावायची गरज नव्हती. त्या गर्दीत हा एकटा आवाज खाली ठेवतो. संवादलेखक राही मासूम रझांची ती संस्कृतप्रचुर, जड हिंदी हा मराठी पोरगा अशी बोलतो की घरात बसून कुणाला तरी समजावतोय. दरबार त्याच्याकडे कान देतो आणि आपणही देतो. आवाज न चढवता वजन आणणं ही तालमीतली कमाई आहे, कपाळावरच्या टिळ्यातून ती येत नाही.

मला तर वाटतं, तो कृष्ण इतका जवळचा वाटला कारण तो आतून मराठी होता. आपल्या रंगभूमीवरचा कृष्ण कधी सोवळ्यात बसलाच नाही. अण्णासाहेब किर्लोस्करांच्या ‘सौभद्रा’तला, म्हणजे 1882 सालचा कृष्ण बघा. मोठ्या भावाला बेमालूम गुंडाळून बहिणीचं लग्न आपल्याला हवं तिथे लावणारा घरातला चतुर धाकटा. तमाशाच्या गवळणीत तर मावशी आणि पेंद्याबरोबर त्याची रस्त्यावरची थट्टामस्करी चालते आणि कुणाच्या भावना दुखावत नाहीत. नितीश भारद्वाज यांच्या हसण्यात मला तो ‘सौभद्रा’तला कृष्ण दिसतो. कुणी म्हणेल हे तुझं मराठीपण बोलतंय. बोलू दे.

आणि मुद्दा इथेच आहे. देवाचं सोंग आणि सोंग घेणारा माणूस, या दोघांना एकाच वेळी ओळखायची सवय आपल्याला होती. परळच्या दामोदर हॉलला (2023च्या नोव्हेंबरात पुनर्विकासासाठी बंद झाला, तो वेगळाच संताप आहे) कोकणातल्या मंडळांचे दशावतार व्हायचे. एकदा मध्यंतरात मागच्या बाजूला गेलो, तर विष्णू खुर्चीवर बसून पावाबरोबर वडा खात होता. किरीट मांडीवर, तोंडावरचा रंग ओघळू नये म्हणून मान पुढे काढलेली, आणि कुणाला तरी मालवणीत झापत होता की परतीच्या गाडीचं बुकिंग अजून का झालं नाही. शेजारून जाणारे गाववाले ‘काय रे, बरो आसस मां?’ विचारून पुढे जात होते. तिसरी घंटा झाली, विष्णू हात पुसून, किरीट चढवून रंगमंचावर गेला आणि पहिल्या रांगेतल्या त्याच बायांनी हात जोडले. नाटक संपल्यावर त्याच बाया म्हणाल्या, “आज आवाज जरा बसलेलो, पण काम झक्कास केल्यान.” नमस्कारही झाला, दादही झाली, आणि उणंही काढलं. एकाचा दुसऱ्याला त्रास नाही.

टीव्हीनं ही सोय काढून घेतली. 2 ऑक्टोबर 1988 ते 24 जून 1990, रविवारी सकाळी, 94 भाग. टीव्हीला हार घालणाऱ्यांच्या, अंघोळ करून बसणाऱ्यांच्या गोष्टी प्रत्येक घरात आहेत, त्या पुन्हा सांगत नाही. पण काचेच्या पलीकडच्या माणसाला वन्समोअर देता येत नाही. त्याला वडा खाताना बघता येत नाही. राहिला तो फक्त नमस्कार. खलनायकाला नमस्कार करायचा प्रश्नच नव्हता, म्हणून त्याच्या वाट्याला अभिनयाचं कौतुक आलं.

याची किंमत कामात चुकवावी लागली. ‘महाभारत’ गाजत असतानाच नितीश भारद्वाज मराठीत वर्षा उसगांवकरांबरोबर ‘पसंत आहे मुलगी’मध्ये सरळसाधे नायक होते. (वर्षाताई तिकडे उत्तरा, म्हणजे कृष्णाच्या भाच्याची बायको. मराठी प्रेक्षकानं हे कसं पचवलं देव जाणे.) त्याआधी ‘खट्याळ सासू नाठाळ सून’ झालाच होता. म्हणजे हा माणूस घरगुती मराठी सिनेमात चालत होता. पण नंतरची यादी बघा. पद्मराजन या फार मोठ्या दिग्दर्शकानं 1991 मध्ये त्यांना थेट केरळात नेलं, तर तिथेही गंधर्व! चोप्रांकडेच पुन्हा विष्णू, मग राम. 2018 मध्ये ‘केदारनाथ’ आला, त्यात नायिकेचे वडील, तर तेही पुजारी. तीस वर्षांत कपडेपटातून पिवळं-भगवं वस्त्र काही हटलं नाही.

राजकारणात मात्र तो चेहरा चालला. 1996 साली जमशेदपूरहून खासदार. ‘रामायणा’तल्या सीता दीपिका चिखलिया 1991 सालीच लोकसभेत गेल्या होत्या, राम अरुण गोविल 2024 मध्ये मेरठहून गेले. देवाला मत द्यायला आपण तयार असतो. सिनेमाचा निर्माता मात्र त्याला साधा बँकेतला कारकून द्यायला घाबरतो. राजकारणावर एवढंच, कमेंटमध्ये भांडू नका.

उलटं उदाहरण स्वप्नील जोशी. गिरगावचा पोरगा, रामानंद सागरांकडे आधी कुश आणि मग ‘श्रीकृष्णा’त किशोरवयीन कृष्ण. तो सुटला, कारण वय वाढलं, चेहरा बदलला, आवाज बदलला. ‘मुंबई-पुणे-मुंबई’ बघताना कुणाला गोकुळ आठवलं नाही. सर्वदमन बॅनर्जी, म्हणजे त्याच मालिकेतले मोठे कृष्ण, यांना मात्र ती पळवाट नव्हती.

2013च्या ‘महाभारता’त सौरभ राज जैन कृष्ण होते. बोलणं स्वच्छ, दिसणं देखणं, लोकप्रियताही प्रचंड. पण मला त्यात गंमत येत नाही. तिथे कृष्ण पहिल्या फ्रेमपासून देवच असतो. पंख्याचा वारा, संथ गती, प्रत्येक वाक्याला तीन बाजूंनी क्लोजअप, आणि वाक्य असं की थेट व्हॉट्सअ‍ॅपवर सुप्रभात म्हणून पाठवावं. यात त्या नटाचा दोष कमी. प्रेक्षकाला दर्शन हवंय हे चॅनेलनं ओळखलं आणि दर्शन दिलं. फसवायला कुणी उरलंच नाही, तर कृष्ण खेळणार कुणाशी?

2013 सालीच नितीश भारद्वाज यांनी ‘पितृऋण’ हा मराठी सिनेमा दिग्दर्शित केला होता. सुधा मूर्तींची कथा, सचिन खेडेकर, आणि भूमिकेसाठी मुंडण केलेल्या तनुजा. किती जणांनी पाहिला? आमच्या ग्रुपवर विचारलं, तर निम्म्यांना तो त्यांनी केलाय हेच माहीत नव्हतं. रंगमंचावर मात्र त्यांनी ‘चक्रव्यूह’ या हिंदी नाटकात पुन्हा कृष्ण केला आणि प्रयोग जोरात झाले. घ्या.

कुणी मराठी निर्माता वाचत असेल तर माझी एक मागणी आहे. या माणसाला बिल्डर द्या. दादर-परळच्या जुन्या चाळीचा पुनर्विकास, गच्चीवर भाडेकरूंची सभा, पांढरा शर्ट, हातात फाइल. वरच्या मजल्यावरचे तावातावानं बोलतायत, बिल्डरनं द्यायच्या कॉर्पसच्या पैशांवरून आवाज चढलेत, कुणीतरी ट्रान्झिट कॅम्पची भीती घालतंय. हा आवाज खाली ठेवून एकेकाला नावानं हाक मारतोय, म्हाताऱ्यांच्या पाया पडतोय, कार्पेट एरिया समजावून सांगतोय, आणि तेच, तस्संच हसतोय. आणि आम्ही सगळे रांगेत उभे राहून मुकाट सह्या करतोय.