फिट आल्यावर हातात किल्ली देऊन काही होत नाही
"फिट आली की हातात लोखंडी किल्ली द्या, लोखंड मेंदूतला जादा करंट ओढून घेतं," असा मेसेज फिरतोय. हे चूक आहे. मेंदूतली वीज घरातल्या वायरीसारखी वाहत नाही. पेशीच्या पातळ आवरणातून सोडियमचे भारित कण आत घुसतात, मागोमाग पोटॅशियमचे बाहेर पडतात. आतला उणे ७० मिलिव्होल्टचा विद्युतदाब अधिक ३०च्या आसपास उसळतो आणि मिलिसेकंदभरात खाली येतो. मुठीतलं लोखंड तिथे पोचणार कसं? झटके बहुतेकदा दोन-तीन मिनिटांत आपोआप थांबतात, श्रेय मात्र किल्लीला मिळतं. कृपा करून आवळलेली मूठ उघडत बसू नका. माणसाला कुशीवर वळवा, तोंडात काहीही घालू नका. पाच मिनिटांनंतरही झटके चालूच असले तर १०८ला फोन करा.