बँजोचं माहेर

फ्यूजनच्या नावाखाली लोककलावंतांना जे करायला लावतात, त्याबद्दल माझ्या मनात बरीच वर्षं खदखद आहे. ‘थ्रो डाऊन युवर हार्ट’ हा २००८चा माहितीपट पाहिला आणि ती नेमकी कशाबद्दल आहे ते कळलं.

अमेरिकन बँजोवादक बेला फ्लेक २००५ साली बँजो घेऊन युगांडा, टांझानिया, गॅम्बिया आणि माली फिरला. त्याचा सावत्र भाऊ साशा पॅलाडिनो याने हा प्रवास चित्रित केला. (आपल्या मिरवणुकीतला बेंजो वेगळा, तो बुलबुलतरंगाच्या कुळातला. हा बँजो म्हणजे चामडं ताणलेलं गोल अंग आणि लांब मान.) हे वाद्य अमेरिकेच्या दक्षिणेकडच्या गोऱ्या खेडुतांचं, अशी समजूत जगभर पक्की आहे. खरं तर ते गुलाम करून नेलेल्या आफ्रिकन माणसांबरोबर तिकडे पोचलं. पुढे अमेरिकेचा राष्ट्राध्यक्ष झालेल्या थॉमस जेफरसनने १७८०च्या दशकातच तसं लिहून ठेवलंय, आणि त्याच्या स्वतःच्या मळ्यांवर गुलाम राबत होते! पुढे एकोणिसाव्या शतकात तोंडाला काळं फासून काळ्या माणसांची नक्कल करणाऱ्या गोऱ्या नटांनी हे वाद्य रंगमंचावर गाजवलं आणि मूळ मालक विसरले गेले.

म्हणून गॅम्बियातला भाग मला सगळ्यात मोलाचा वाटतो. तिथल्या जोला लोकांचं अकॉन्टिंग हे वाद्य बघा. भोपळ्याचं अंग, वर चामडं, काठीची मान, तीन तारा. त्यातली एक आखूड, अंगठ्याने छेडायची. बाकीच्या तारांवर बोटाचं नख वरून खाली मारायचं. अमेरिकेतले जुन्या पद्धतीचे बँजोवादक आजही असंच वाजवतात. माणसांची नावं गेली, भाषा गेली, पण बोटांची चाल टिकली. हे बघताना मला भरून आलं. हा भाग आणखी लांबायला हवा होता, ही माझी तक्रार आहेच.

युगांडात एका गावात जमिनीत खड्डा खणून त्यावर मोठमोठ्या लाकडी पट्ट्या मांडतात आणि कितीतरी माणसं दोन्ही बाजूंना बसून एकच वाद्य वाजवतात. टांझानियात अनानिया न्गोलिगा हा अंध कलाकार भेटतो. लाकडी पेटीवरच्या लोखंडी पट्ट्या अंगठ्यांनी छेडत तो गातो. मालीत तिथली नामवंत गायिका उमू सांगारे साक्षात गाते. या सगळ्यांसमोर फ्लेक काय करतो? आधी ऐकतो. त्यांची चाल शिकतो, जागा शोधतो आणि मगच हळूच शिरतो. त्याच्या बोटांत केवढा वेग आहे हे माहीत असल्यामुळे तो आवरलेला हात जास्तच जाणवतो.

आता आपल्याकडे बघा. गोंधळाची लय चढत जाते, सगळा जीव त्या चढण्यात असतो. फ्यूजनच्या मंचावर संबळवाल्याला क्लिक ट्रॅकला, म्हणजे कानात वाजणाऱ्या यंत्राच्या ठरावीक ठोक्याला बांधतात. लय चढवायची नाही. तुणतुणं गाणाऱ्याच्या गळ्याप्रमाणे लावायचं, तर इथे ते कीबोर्डच्या पट्टीत आणायचं. पिढ्यान् पिढ्या ज्यांच्या घरात ही कला आहे त्यांनीच सगळं सोडायचं आणि बाकी कोणी काहीच शिकायचं नाही. याला मी एकत्र येणं म्हणणार नाही.

कोणी म्हणेल, शेवटी नाव फ्लेकचंच झालं. आक्षेप रास्त आहे. या आफ्रिकन ध्वनिमुद्रणांच्या अल्बमला २०१०मध्ये ग्रॅमी मिळालं, तेही त्याच्याच नावावर. पण २००९च्या अमेरिका दौऱ्यात न्गोलिगाला तो बरोबर घेऊन गेला होता, हेही नोंदवायला हवं. हाच माणूस पुढे झाकीर हुसेन आणि राकेश चौरसियांबरोबर वाजवायला बसला. ‘अ‍ॅज वी स्पीक’ हा त्यांचा अल्बम ऐका. तबला आणि बासरी तिथे शोभेपुरती नाहीत, सगळे वादक एकमेकांना वाट देतात.

कार्यक्रम करणाऱ्यांकडे माझं मागणं साधं आहे. तालमीच्या पहिल्या दिवशी कीबोर्ड बंद ठेवा. संबळवाल्याला त्याच्या लयीत पूर्ण वाजवू द्या आणि बाकीच्यांनी ते शिकून घ्या. मानधन बरोबरीचं द्या. आणि पोस्टरवर ‘सोबत लोककलावंत’ असं छापण्याऐवजी त्या माणसांची नावं छापा, गावासकट.