सोप्पं आहे गं, ताई!

माझी धाकटी बहीण न्यू जर्सीत, एडिसनला राहते. इथे होती तेव्हा तिला गॅसचा लायटर कुठे असतो ते माहीत नव्हतं. तिकडे गेल्यापासून ती घरच्या घरी पनीर करते, भिंती रंगवते, नवऱ्याचे केस कापते आणि प्रत्येक गोष्टीचा व्हिडिओ पाठवून खाली लिहिते, ‘सोप्पं आहे गं, ताई!’ त्या शब्दातल्या दुसऱ्या ‘प’वर जितका जोर, तितकं ते काम अवघड, हे मला कळायला यंदाचा जुलै उजाडावा लागला.

जुलैत लेकीचा दहावा वाढदिवस होता. शाळेत वाढदिवसाला चॉकलेटं वाटायची असतात. (आपल्याकडे गोड आणि कागदात गुंडाळलेली कुठलीही वस्तू म्हणजे चॉकलेट. त्यात कोको असण्याची अट नाही.) दरवर्षी मी कोपऱ्यावरच्या दुकानातून दोन पुडे आणते आणि विषय संपतो. यंदा मावशीने तिला व्हिडिओ कॉलवर एक टॉफी दाखवली. तिकडे नाताळात पुष्कळ घरांतून करतात म्हणे. ताटात खारट बिस्किटं मांडायची, त्यावर लोणी-साखरेचा उकळता पाक ओतायचा, वर चॉकलेट पसरायचं, गार झालं की तुकडे मोडायचे. गोड, खारट, कुरकुरीत. लेकीने दुसऱ्याच दिवशी वर्गात जाहीर करून टाकलं की या वेळी माझी आई घरी टॉफी करणार आहे. वर्गात मुलं 42. मला कळलं ते तिसऱ्या दिवशी, एका मैत्रिणीच्या आईकडून, आणि तेही अभिनंदनाच्या स्वरूपात.

कृती मागवली. ‘दोन स्टिक बटर, एक कप ब्राउन शुगर, 300 डिग्रीपर्यंत उकळव, ओत. सोप्पं आहे गं, ताई!’

आमच्याकडे स्टिक कुल्फीला असते. फोन केला तर म्हणाली, “एक स्टिक म्हणजे 113 ग्रॅम.”

“113 च का?”

“चार औंस होतात ना!”

औंस हा शब्द मी शेवटचा वाचला होता तो लेकीच्या दुधाच्या बाटलीवर. तेव्हाही मी त्याच्या शेजारचे मिलीलिटरच बघायचे. शेवटी 100 ग्रॅमची दोन पाकिटं आणि वर दोन मोठे चमचे, असा हिशोब जुळवला.

ब्राउन शुगरचं प्रकरण जरा नाजूक होतं. वाण्याच्या दुकानात रविवारची गर्दी, आणि ‘ब्राउन शुगर आहे का?’ हे विचारताना माझा आवाज आपोआप खाली गेला. आमच्या पिढीने हा शब्द वाचला तो पेपरात, पोलिसांच्या छाप्याच्या बातमीत. वाण्यानेही आधी डावी-उजवीकडे पाहिलं. “वहिनी, तुम्ही?” एवढंच म्हणाला. मग मी लोणी, बिस्किटं, लेकीचा वाढदिवस असं सगळं मोठ्याने सांगितलं, तेव्हा त्याने गुळाच्या पावडरीचं पाकीट पुढे केलं. घरी आल्यावर नवऱ्याने खुलासा केला की ब्राउन शुगर म्हणजे साखरेला परत मळी चोळलेली. “कारखान्यात ती मळी काढायला जीव काढतात. हे ती लावून जास्त पैसे घेतात.” म्हणून पहिला घाणा साध्या साखरेचा करायचं ठरलं.

नवरा एका रासायनिक कारखान्यात इन्स्ट्रुमेंटेशनला आहे. त्याला पोहे येत नाहीत, पण ‘300 डिग्री’ हे शब्द कानावर पडताच तो वर्तमानपत्र टाकून ओट्यापाशी आला. आधी त्याने करोनात घेतलेला, कपाळासमोर धरायचा थर्मामीटर आणला आणि पाकाच्या कपाळासमोर धरला. ते यंत्र बिचारं माणसांच्या तापापुरतं. पडद्यावर आकडे येईनात, नुसतं ‘एचआय’. “हाय!” नवरा म्हणाला. यंत्रालाही चटका बसला असावा. मग माळ्यावरून मल्टिमीटर निघाला आणि त्याची तापमान मोजणारी थर्मोकपलची वायर. ती मी तीनदा घासली, तेवढ्या वेळात त्याने वहीत दोन रकाने आखले. वेळ आणि तापमान.

पाक 110 वर येऊन उभा राहिला. दिवा स्टेशनाबाहेरच्या सिग्नलला लोकल उभी राहते तसा. आपण घड्याळ बघतो, खिडकीतून डोकावतो, पुढे काही दिसत नाही, मागे काही दिसत नाही. “आधी पाणी उडतंय. ते संपेपर्यंत वर जाणार नाही,” नवरा म्हणाला. आणि पाणी संपल्यावर तो असा सुटला की कळवा, ठाणे काही न घेता थेट मुंबईच. 130. 140. दीडशेला रंग सोनेरी झाला आणि घरभर असा वास सुटला की बाहेरच्या खोलीत गृहपाठ करणारी लेक वही घेऊन आत आली.

“झालं,” मी म्हणाले.

“झालं कसं? 300 लिहिलंय. आत्ता निम्मंच झालंय.”

मी स्वयंपाकघरात वीस वर्षं काढली आहेत, पण वहीतल्या रकान्यांपुढे माझं धाडस झालं नाही. 170 ला रंग तांबडा झाला. 185 ला धूर. दोनशेच्या आसपास कढईत जे होतं त्याला डांबर म्हणणं हा डांबराचा अपमान झाला असता. नवरा शांतपणे म्हणाला, “अजून शंभर.” तेवढ्यात बेल वाजली. दारात शेजारच्या काकू, पदर नाकाला.

“काही जळतंय का गं?”

“टॉफी करतेय, काकू.”

“बरं बरं,” म्हणाल्या, आणि जाता जाता जिन्यातल्या अग्निशमनाच्या नळकांड्यावरची तारीख वाचून गेल्या.

बहिणीला फोन लावला. ती पोट धरून हसली. “अगं, 300 फॅरनहाइट! तुमचे 149!” म्हणजे टॉफी झाली होती तेव्हा झाली होती. माझ्या नाकाला कळलं होतं, लेकीला तर दुसऱ्या खोलीत बसून कळलं होतं. नवऱ्याने वही मिटली आणि अपघाताच्या चौकशी समितीपुढे बोलावं तसा म्हणाला, “युनिट लिहिलेलं नव्हतं.”

कढई वाचवली ती आईने, चिपळूणहून, फोनवरून. मी तारेचा काथ्या घेऊन बसले होते. ती म्हणाली, “घासू नको. पाणी भर आणि उकळत ठेव. साखर आहे ती, जाते कुठे?” अर्ध्या तासात बरीचशी काजळी सुटून वर आली. उरलेल्या डागाला मी आता कढईचा तीळ म्हणते.

दुसऱ्या घाण्याबद्दल फार बोलण्यासारखं नाही. सोमवारी तापमान बरोबर 149 होतं. पण मीठ तीनदा पडलं. बिस्किटं खारट होती. आपल्याकडचं बटर मुळातच खारट असतं, तिकडच्या पाककृतीत बिनमिठाचंही चालतं. आणि कृतीत ‘चिमूटभर मीठ’ होतं म्हणून मी चिमूटभर घातलं. शिवाय घाई म्हणून आच एकदम वाढवली, मध्येच कमी केली, तर बटर फुटलं. खाली साखरेचा गोळा, वर तुपाचा तवंग. लेकीने एक तुकडा तोंडात घातला, बराच वेळ विचार केला आणि म्हणाली, “आई, हे समुद्रात पडलं होतं का?”

मंगळवारी रात्री नवऱ्याने वायर घेतली तेव्हा मी ती काढून घेतली आणि आईला फोन लावून स्पीकरवर ठेवला.

“वाटीत गार पाणी घे,” आई म्हणाली. “त्यात थेंब सोड. बोटाने मऊ गोळी झाली तर लाडवाचा पाक, अजून ठेव. कडक झाली की उचलून ताटलीत टाक. टण्ण वाजली पाहिजे. वाजली की गॅस बंद, माझ्याशी बोलत बसू नको.”

साखर संपली होती म्हणून त्या गुळाच्या पावडरीलाच हात घातला. ब्राउन शुगर म्हणजे तरी शेवटी तेच, असं मनाशी म्हटलं. पाक फसफसला, वर आला, खाली बसला. पहिला थेंब पाण्यात विरघळला. दुसऱ्याची मऊ गोळी. तिसरा चिवट, दाताला चिकटेलसा. चौथा ताटलीत टाकला आणि त्या स्टीलच्या ताटलीतून जो आवाज आला, तो चिपळूणपर्यंत फोनवरून गेला असणार, कारण आई तिकडून ओरडली, “उतरव!” नवऱ्याने न राहवून नंतर मोजलं. 148. आईने आयुष्यात थर्मामीटर वापरला तो फक्त आमच्या काखेत.

तूप लावलेल्या ताटात बिस्किटं मांडलेलीच होती. पाक ओतला, पसरला, वर वितळवलेलं चॉकलेट. (ओव्हनमध्ये पाच मिनिटं ठेवायचं असंही कृतीत होतं. ओव्हन आमच्याकडे आहे, त्यात पापडांचे डबे राहतात.) अकरा वाजता पहिला तुकडा मोडला. कट्ट. आधी मीठ, मग जळकट-गोड, मग बिस्किट, आणि परत मीठ. आम्ही तिघं उभ्या उभ्या किती खाल्ले ते सांगत नाही, पण 60 झाले होते आणि डब्यात 46 गेले. डब्याला झाकण लावायचं राहिलं, कारण नवरा म्हणाला, गरम असताना झाकलं तर वाफ धरते. ते बरोबरच होतं. पुढे मात्र आम्ही तिघंही झोपलो.

रात्रभर पाऊस. डोंबिवलीत जुलैतल्या रात्री डब्यातलं मीठ ओलं होतं, काडेपेटी पेटत नाही, दारं फुगून बसतात. सकाळी सहाला डबा बघितला तर टॉफी घामेजली होती. तुकडे एकमेकांच्या गळ्यात पडलेले, बिस्किटांचा खळखळाट गेलेला, बोट लावलं की तार निघे. साखर हवेतलं पाणी ओढते, आणि गूळ तर साखरेच्याही दोन पावलं पुढे. तिकडे डिसेंबरात घरोघरी हीटर लावलेले, हवा कोरडी ठणठणीत. ही टॉफी नाताळात का करतात, ते मला सकाळी सहाला समजलं.

आईला फोन केला.

“पावसाळ्यात कोणी चिक्की करतं का?” ती म्हणाली. “चिक्की संक्रांतीची.”

“मग काल का नाही बोललीस?”

“तू टॉफी म्हणालीस. चिक्की म्हणाली असतीस तर बोलले असते.”

बटर पेपरचे चौकोन कापले. प्रत्येक तुकड्याशी झटापट, आणि प्रत्येक तुकड्याबरोबर कागदाचा थोडा भाग कायमचा. नवऱ्याने दुकानातून पुडे आणायची तयारी दाखवली, पण ते दुकान नऊला उघडतं आणि शाळेची बस सव्वासातला. लेकीने डबा उराशी धरला आणि निघाली. मी गॅलरीतून बघत राहिले. मुलं घरी जाऊन काय सांगतील, कोणाची दातांची तार अडकेल, कोणाची आई मला पालकसभेत गाठेल, याचा विचार करत मी त्या दिवशी ऑफिसात दोन चुकीच्या मेल पाठवल्या.

संध्याकाळी लेक आली ती रिकामा डबा घेऊन. “कशी झाली?” विचारलं तर म्हणाली, “माहीत नाही. कोणी काही बोललंच नाही.” माझ्या पोटात गोळा आला. कडक, ताटलीत वाजेल असा.

मग तिने डायरी पुढे केली. बाईंनी लाल शाईत लिहिलं होतं : ‘आज डब्याच्या सुट्टीनंतर पूर्ण तास वर्ग शांत होता. एकाही मुलाचं तोंड उघडत नव्हतं. गेल्या चार वर्षांत असं झालेलं नाही. कृपया कृती पाठवावी. स्टाफरूमलाही हवी आहे.’

मी पेन घेतलं. दोन स्टिक बटर, एक कप गुळाची पावडर, असं लिहिलं. रात्रभर उघडं ठेवावं, असंही लिहिलं. 300 डिग्रीपर्यंत उकळावं. पुढे सेल्सिअस की फॅरनहाइट ते लिहायला कागदावर जागा होती, पण तिथे मला दुसरंच काही लिहायचं होतं.

‘सोप्पं आहे, बाई!’