घोडा नव्हता हो, खेचर होतं

आज सकाळी आमच्या चौकात नवा फ्लेक्स लागलाय. कुठल्याशा स्पर्धा परीक्षेच्या क्लासचा. मागच्या दोन पायांवर उभा राहिलेला घोडा, त्यावर झगा फडफडवत बसलेला नेपोलियन, खाली पिवळ्या अक्षरांत ‘माझ्या शब्दकोशात अशक्य हा शब्दच नाही’ आणि त्याच्याही खाली फीमधली सवलत. फ्लेक्स काय, रोज लागतात. पण दुपारपर्यंत हेच चित्र तीन ग्रुपांवर येऊन पडलं. एका शहाण्याने वर लिहिलं होतं, ‘गरिबाघरचा पोरगा, स्वतःच्या बळावर सम्राट!’ मग मात्र राहवेना.

घोडा नव्हता. खेचर होतं.

२० मे १८००, ग्रेट सेंट बर्नार्डची खिंड, आल्प्स ओलांडून इटलीत उतरायची. फ्लेक्सवरचं चित्र याच चढाईचं. उंची सुमारे २४७० मीटर, म्हणजे कळसूबाईच्या डोक्यावर रायगड ठेवला तर जेवढं होईल तेवढं. आघाडीच्या तुकड्या १५ तारखेपासूनच चढत होत्या. साहेब आले मागून, वाट मळल्यावर. अंगात राखाडी ओव्हरकोट, बुडाखाली खेचर, आणि पुढे लगाम धरून चालणारा बूर्ग-सँ-पिएर गावचा दोर्सा नावाचा वाटाड्या. एका कड्यापाशी खेचराचा पाय घसरला. दोर्साने सावरलं म्हणून नाहीतर युरोपचा इतिहास दरीत गेला असता. त्याला नंतर घर बांधायला पैसे मिळाले असं सांगतात. मिळायलाच हवेत.

आता ते वाक्य. जुलै १८१३ मध्ये मॅग्डेबुर्गच्या सेनापतीला लिहिलेल्या पत्रात आहे, आणि आहे ते एवढंच: ‘शक्य नाही असं तुम्ही लिहिता, हा शब्द फ्रेंच नाही.’ हाताखालच्या माणसाने अडचण कळवली, तर साहेबाने त्याला झापलं. कुठल्याही ऑफिसात रोज घडतं. पुढे तीनच महिन्यांत लायप्झिगला चार दिवसांची लढाई होऊन त्याच साहेबाचा पार धुव्वा उडाला. पोरांना फीची सवलत दाखवताना हेही छापा की.

आणि ‘गरिबाघरचा’? अहो, ब्रिएनच्या लष्करी शाळेत नवव्या वर्षी राजाच्या खर्चाने प्रवेश मिळाला, तो चार पिढ्यांची खानदानी कागदोपत्री सिद्ध केल्यावर. बाप वकील, कॉर्सिका बेटावरच्या लहानशा का होईना पण सरदारी घराण्यातला. पैसा बेताचा होता, हे खरं. पोरगं कॉर्सिकन हेल काढून फ्रेंच बोलायचं, वर्गातली श्रीमंत मुलं टिंगल करायची, हेही खरं. आणि पॅरिसच्या लष्करी विद्यालयातला दोन वर्षांचा अभ्यास एका वर्षात उरकून सोळाव्या वर्षी तोफखान्यात अधिकारी झाला, ५८ जणांत ४२ वा. हे लिहिताना माझाही राग जरा उतरतो. परक्या भाषेत गणित सोडवणारं ते एकटं पोर मला फ्लेक्सवरच्या बाबापेक्षा कितीतरी जवळचं वाटतं. पण त्याच्यासाठी वरच्या जागा रिकाम्या कुणी केल्या? फ्रेंच राज्यक्रांतीने. उमराव अधिकारी देश सोडून पळाले म्हणून चोविसाव्या वर्षी जनरल होता आलं. जुन्या राजवटीत हा माणूस कॅप्टन म्हणूनच निवृत्त झाला असता.

बरं, प्रतिमा घडवायची अक्कल मात्र पहिल्यापासून. तुलाँ बंदराचा वेढा, १७९३. एक मोर्चा, म्हणजे तोफा लावायची जागा, शत्रूच्या तोफांच्या इतका समोर की तिथे जाईल तो मरेल. जायला कुणी तयार होईना. याने काय केलं, तर तिथे पाटी लावली: ‘निर्भय माणसांचा मोर्चा’. झालं, तिथे उभं राहायला चढाओढ लागली. एक फळी आणि थोडा रंग, खर्च एवढाच. आजच्या जाहिरातवाल्यांनी त्या फळीला रोज उदबत्ती लावावी.

पुढे १७९६ ला इटलीत पाठवला. लग्नाला दोन दिवस झालेले, आणि त्या लग्नाच्या दाखल्यातही नवऱ्याने वय दीड वर्षाने वाढवलेलं, बायकोने चारेक वर्षांनी घटवलेलं. तिकडचं सैन्य फाटकं, पगार थकलेला, मिळाला तरी कवडीमोल कागदी नोटांत. याने मिलान घेतल्यावर निम्मा पगार रोख नाण्यांत दिला. सैनिक याच्यावर जीव का टाकायचे याचं पहिलं कारण हे. भाषणं नंतर.

मग आर्कोलेचा पूल. झेंडा हातात घेऊन पुढे धावणारा, केस उडालेला, तो देखणा तरुण जनरल. ग्रो या चित्रकाराने रंगवलेला. प्रत्यक्षात तो हल्ला फसला. जवळचा अधिकारी म्युइराँ तिथेच मेला, माघारीच्या रेटारेटीत साहेब दलदलीत पडले आणि लोकांनी त्यांना चिखलातून ओढून काढलं. लढाई आणखी दोन दिवस चालली. चित्रासाठी हा एका जागी बसेना, म्हणून बायकोने, जोसेफिनने, त्याला मांडीवर धरून ठेवायचं आणि तेवढ्यात ग्रोने हात चालवायचा, असं त्याच्याच हाताखालच्या एका अधिकाऱ्याने लिहून ठेवलंय. चित्रात झेंडा आहे. चिखल नाही, मांडीही नाही.

आणि वर्तमानपत्रं! १७९७ मध्ये या माणसाने इटलीतल्या सैन्यासाठी स्वतःची दोन पत्रं सुरू केली. नावाला सैनिकांसाठी, पण डोळा पॅरिसच्या वाचकावर. लढाई झाली की अहवाल आपणच लिहायचा, आपल्याच पत्रात छापायचा, मग पॅरिसच्या पत्रांनी तो उचलायचा. सत्ता हातात आल्यावर तर कामच सोपं झालं. जानेवारी १८०० च्या एका हुकमाने पॅरिसची ७३ राजकीय वर्तमानपत्रं १३ वर आणली, १८११ पर्यंत ४ उरली.

त्याच सुमाराचं सार्वमत बघा. नव्या राज्यघटनेला हो म्हणणारे ३०,११,००७, नाही म्हणणारे १,५६२. आकडा बघूनच हसू येतं. खरे होकार साधारण निम्मेच होते. गृहमंत्री कोण? सख्खा भाऊ ल्युसिएँ. त्याच्या खात्याने प्रत्येक विभागाचे आकडे फुगवले आणि सैन्याची पाचेक लाख मतं मोजणी न करताच होकारात धरली. शिवाय घटना लागू झाली डिसेंबरात, निकाल जाहीर झाला फेब्रुवारीत. आधी लग्न, मग मुलीची संमती.

पुन्हा खेचराकडे येऊ, कारण मला खरा राग त्या चित्राचा आहे. ते काढलं डाव्हिद या चित्रकाराने, तेही स्पेनच्या राजाच्या मागणीवरून. नेपोलियन समोर बसायला तयारच नव्हता. थोर माणसाचं चित्र त्याच्यासारखं दिसतं का हे कुणी विचारत नाही, असं त्याचं म्हणणं. मला उधळलेल्या घोड्यावर शांत बसलेला दाखव, म्हणाला. मग डाव्हिदने स्वतःच्या मुलाला नेपोलियनचा मारेंगोच्या लढाईतला गणवेश चढवून शिडीवर बसवलं. शिडीवर! खडकावर तीन नावं कोरली: बोनापार्ट, हॅनिबल, शार्लमेन. अशा एकूण पाच प्रती काढल्या. फ्लेक्सवाल्याने त्यातली कुठली उचलली ते झग्याच्या रंगावरून ओळखायचा प्रयत्न केला, पण प्रिंटरच्या शाईत सगळे रंग सारखेच.

त्या चित्रात घोड्याच्या पोटाखालून जरा मागे बघा. लहान लहान माणसं तोफ ओढताना दिसतील. पराक्रम तो तिथे आहे! तोफ खिंडीतून न्यायची म्हणजे आधी नळी गाड्यावरून उतरवायची. खास बनवून आणलेल्या घसरगाड्या चढावर कुचकामी ठरल्या. मग पाइनची खोडं उभी चिरून आतून कोरली, नळी त्यात बसवली, दोर बांधले आणि एकेका तोफेला शंभर-शंभर माणसं जुंपली. गाड्याचे भाग सुटे करून खेचरांवर आणि खांद्यांवर. आसपासच्या शेतकऱ्यांना एका तोफेमागे हजार फ्रँकपर्यंत देऊ केले. एकदा ओढून त्यांनी कानाला खडा लावला, मग सैनिकांनाच ओढावं लागलं. वर मठातल्या साधूंनी प्रत्येकाला पाव, चीज, वाइन दिली. चाळीस हजारांच्या आसपास माणूस असा पार झाला. फ्लेक्सवर कुणाला लावायचंच असेल तर त्या दोरवाल्याला लावा.

बरं, उतरल्यावर तरी सगळं सरळ झालं का? खाली दरीच्या चिंचोळ्या तोंडावर बार्डचा किल्ला, आत चारेकशे ऑस्ट्रियन. त्यांनी वाट अशी अडवली की तोफखाना तिथेच अडकला. पायदळ डोंगरातल्या पायवाटेने वळसा घालून गेलं, पण तोफा कशा नेणार? रात्री गावातल्या रस्त्यावर गवत आणि शेण अंथरलं, चाकांना पेंढा गुंडाळला आणि किल्ल्याच्या भिंतीखालून मूठभर तोफा गुपचूप सरकवल्या. ही युक्ती मला मनापासून आवडते, नाही का म्हणू? पण बाकीच्या मागे राहिल्या, आणि त्याची किंमत मारेंगोला चुकवावी लागली. ऑस्ट्रियनांकडे शंभराच्या घरात तोफा, याच्याकडे पाव हिश्श्याच्या आसपास. त्यात शत्रू पळून जाईल या भीतीने तुकड्या चहूकडे पांगवून ठेवलेल्या.

१४ जूनच्या दुपारी तो ती लढाई हरला होता. ऑस्ट्रियनांचा म्हातारा सेनापती मेलास आपण जिंकलो असं समजून विश्रांतीला मागे निघूनही गेला. संध्याकाळच्या सुमाराला याचा सेनापती देझे आपली तुकडी घेऊन परत आला, केलरमानच्या घोडदळाने बाजूने अचूक वेळी धडक मारली आणि पारडं फिरलं. देझेला गोळी लागली, जागच्या जागी गेला. पण अधिकृत पत्रकात त्याच्या तोंडी शेवटचं वाक्य आहे: पुढच्या पिढ्यांच्या आठवणीत राहण्याइतकं काही केलं नाही याची खंत घेऊन मरतोय, असं पहिल्या कॉन्सलला (म्हणजे यालाच, तेव्हा हे त्याचं पद) सांगा. मेलेल्या माणसाच्या तोंडून! पुढे काही वर्षांत या लढाईचा अधिकृत वृत्तांत दोनदा नव्याने लिहवून घेतला. प्रत्येक वेळी ती माघार आणखी ठरवून केलेली दिसू लागली, आणि जुने मसुदे नष्ट करायचे हुकूम सुटले.

कायद्याची संहिता दिली, मान्य. बँक, शाळा, रस्ते, मान्य. ऑस्टरलिट्झसारखी लढाई दुसऱ्या कुणाला जमली नसती, तेही मान्य, बस? त्याच माणसाने १८०२ मध्ये वसाहतींतली गुलामगिरी पुन्हा कायदेशीर केली आणि हैतीतल्या गुलामांच्या उठावाचा नेता तूसाँ, त्याला पकडून आणून जुरा डोंगरातल्या किल्ल्यात थंडीने मरू दिलं. त्याचं चित्र काढायला त्याने कुणाला बोलावलं नाही.

राज्याभिषेकाचं मात्र बोलावून काढून घेतलं, जवळजवळ दहा मीटर लांबीचं. त्यात मधोमध आई कौतुकाने बघत बसलीय. बाई त्या दिवशी रोममध्ये होती! पोपचे हात आधी मांडीवर होते, साहेबाने बघितल्यावर एक आशीर्वादाला वर गेला.

टोपीचंही तसंच. बाकीचे अधिकारी टोपीची टोकं पुढे-मागे करून घालायचे, हा आडवी घालायचा. सरदारांच्या अंगावर जरीकाम, याच्या अंगावर साधा हिरवा कोट. शेतातून हजारो माणसं चाललेली असली तरी साहेब कुठेत ते लांबून कळायचं. साधेपणाही असा मोजूनमापून. त्या टोप्यांपैकी एक २०२३ मध्ये १९ लाख युरोंच्या वर विकली गेली.

आणि माझं डोकं खरोखर फिरतं ते १८१२ ला. सहा लाखांच्या आसपास माणूस रशियावर नेला. डिसेंबरात पॅरिसला सैन्याचं २९ वं अधिकृत पत्रक पोचलं. फ्रान्समध्ये तेव्हा ‘पत्रकासारखा खोटारडा’ अशी म्हणच पडली होती, पण या वेळी नाइलाजाने बरंच खरं लिहिलं होतं: घोडे मेले, तोफा टाकल्या, सैन्य संपलं. शेवटचं वाक्य काय? महाराजांची प्रकृती इतकी उत्तम कधीच नव्हती. ज्या घरांतली पोरं बर्फात राहिली, त्या घरांनी हे वाचलं. दोन दिवसांनी महाराज स्वतः पॅरिसला हजर. सैन्य मागेच, जसं इजिप्तला मागे ठेवून आला होता तसंच.

तर ग्रुपवरच्या मित्रा, ‘स्वतःच्या बळावर’ म्हणताना त्या दोर ओढणाऱ्या शंभरांना कुठे धरायचं तेवढं सांग. आणि बूर्ग-सँ-पिएर गावालाही. सैन्याने तिथली झाडं तोडली, खेचरं नेली, भांडी नेली. भरपाईचं लेखी वचन दिलं होतं. पूर्ण पैसे कधी आलेच नाहीत. १९८४ मध्ये फ्रान्सचे अध्यक्ष मितराँ यांनी गावाला प्रतीक म्हणून एक स्मृतिफलक देऊन हिशेब मिटवला.

एडिट: कमेंटमध्ये विचारलंय, मग खेचराचं चित्र कुणी काढलंच नाही का. काढलं. दलारोश नावाच्या चित्रकाराने, १८४८ च्या सुमाराला, म्हणजे साहेब जाऊन पंचवीसेक वर्षं झाल्यावर. राखाडी कोट, मान खाली घातलेलं दमलेलं खेचर, पुढे काठी घेऊन वाटाड्या. आकाशाकडे रोखलेलं बोटबीट काही नाही, हात थंडीने कोटात खुपसलेला. क्लासवाल्यांना पाठवलंय. अजून निळी टिक आलेली नाही.