नुसतं एकच सॉफ्टवेअर घेतल्यानं सैनिकांचं रेकॉर्ड जुळत नाही

माजी सैनिकांच्या ग्रुपवर एक मेसेज फिरतोय, बऱ्याच जणांनी पाहिला असेल. थोडक्यात असं की अमेरिकेत सैन्याची हॉस्पिटलं आणि निवृत्त सैनिकांची व्हीए हॉस्पिटलं (व्हीए म्हणजे तिथलं माजी सैनिकांसाठीचं सरकारी खातं) यांच्या कॉम्प्युटर सिस्टीम वेगळ्या होत्या, त्यामुळे एकाचं रेकॉर्ड दुसऱ्याला दिसायचंच नाही, सगळा दोष व्हीएच्या जुनाट सॉफ्टवेअरचा, मग दोघांनी एकच नवीन सॉफ्टवेअर घेतलं आणि प्रश्न मिटला, तर आता आपल्या ईसीएचएसनंही, म्हणजे माजी सैनिकांच्या आरोग्य योजनेनंही, हेच करावं. मेसेज लिहिणाऱ्याची कळकळ खरी आहे, पण यातला जवळजवळ प्रत्येक मुद्दा चुकलाय, आणि यावरून आपल्याकडच्या मागण्या ठरायला लागल्यात म्हणून एकेक मुद्दा घेतो.

"रेकॉर्ड दिसायचंच नाही" हे आधी. २००२ पासूनच नोकरी सोडलेल्या सैनिकांचा डेटा सैन्याकडून व्हीएकडे जायला लागला होता, फक्त एकाच दिशेनं. २००४ पासून दोन्ही बाजूंनी बघायची सोय झाली आणि २००६ मध्ये औषधांची आणि ऍलर्जीची माहिती अशा रूपात पाठवायला सुरुवात झाली की समोरचा कॉम्प्युटर ती स्वतः तपासू शकेल. नंतर जेएलव्ही नावाचा व्ह्यूअर आला, त्यात पेशंटचं दोन्हीकडचं रेकॉर्ड एकाच स्क्रीनवर दिसतं. हे सगळं दोन्ही सिस्टीम वेगवेगळ्या असताना झालंय हो! अडचण होती ती पुढची. जेएलव्ही फक्त वाचायला आहे, तिथली नोंद उचलून आपोआप तुमच्या सिस्टीममध्ये येत नाही, म्हणजे ओपीडीत वीस पेशंट बाहेर बसलेले असताना डॉक्टरनं ते उघडून वाचलं तरच उपयोग.

आता मुख्य मुद्दा, "सिस्टीम वेगळ्या होत्या म्हणून जुळत नव्हतं." सैन्याची सीएचसीएस ही सिस्टीम एसएआयसी कंपनीनं १९८८ पासून बांधली ती व्हीएच्याच कोडवर. व्हीएचं सॉफ्टवेअर, ज्याला पुढे व्हिस्टा नाव पडलं, ते सरकारी पैशातून झालेलं, सगळ्यांना खुलं, तेच घेऊन त्यावर काम केलं. म्हणजे दोघांचं मूळ एकच होतं! आणि तरीही काही वर्षांत दोन्हीकडे इतके बदल झाले की एकमेकांशी बोलायला मधे वेगळे पूल बांधावे लागले. कारण साधं आहे, सैन्याला बघायचं असतं की हा जवान ड्यूटीला, तैनातीला फिट आहे का, आणि व्हीएला सांभाळायचा असतो सत्तरीतला डायबेटिसचा पेशंट, अपंगत्वाचा क्लेम, तीस वर्षांचा फॉलोअप. नोंदी कशा करायच्या, कुठल्या औषधाला कुठला कोड, हे दोघांनी बसून ठरवलं नाही तर सॉफ्टवेअर एक असून काय करणार. नुसत्या व्हीएमध्येच व्हिस्टाच्या १३० च्या आसपास कॉपी चालायच्या आणि प्रत्येकीत तिथल्या तिथं केलेले बदल.

शिकागोच्या उत्तरेला लव्हेल म्हणून हॉस्पिटल आहे, ऑक्टोबर २०१० मध्ये तिथं नौदलाचं आणि व्हीएचं हॉस्पिटल एकत्र केलं. छत एक, स्टाफ एक, पण सिस्टीम दोन, आणि औषधांच्या ऍलर्जी हातानं पडताळून बघायला वेगळे फार्मासिस्ट लावावे लागले. मग २०११ मध्ये दोन्ही खात्यांनी मिळून एकच नवीन सिस्टीम बांधायची ठरवली, पन्नास कोटी डॉलरच्या वर खर्च झाले आणि फेब्रुवारी २०१३ मध्ये ती योजना गुंडाळली. हा इतिहास मेसेजमध्ये कुठेच नाही.

"मग एकच सॉफ्टवेअर घेतलं आणि प्रश्न मिटला." सैन्यानं २०१५ मध्ये सर्नर कंपनीचं सॉफ्टवेअर निवडलं, व्हीएनं मे २०१८ मध्ये त्याच कंपनीशी १००० कोटी डॉलरचा करार केला, आणि ऑक्टोबर २०२० मध्ये वॉशिंग्टन राज्यातल्या स्पोकेनच्या व्हीए हॉस्पिटलात ते चालू झालं. जवळच फेअरचाइल्ड हवाई तळ, जिथं सैन्याच्या बाजूचं हेच सॉफ्टवेअर २०१७ पासून चालू होतं, म्हणजे मेसेजच्या हिशोबानं इथं तरी सगळं सुरळीत व्हायला हवं होतं. झालं काय ते व्हीएच्याच इन्स्पेक्टर जनरलच्या, म्हणजे खात्यावर नजर ठेवणाऱ्या तपास अधिकाऱ्याच्या, २०२२ च्या रिपोर्टमध्ये आहे. डॉक्टरनं तपासणी, रेफरल किंवा पुढची अपॉइंटमेंट लिहिली आणि ती कुठं पाठवायची हे सिस्टीमला ओळखता आलं नाही तर ती 'अननोन क्यू' नावाच्या रांगेत जाऊन पडायची, आणि डॉक्टरला काही सूचनाच यायची नाही, त्याला वाटायचं गेली. अशा ११ हजारांवर ऑर्डर अडकल्या, १४९ पेशंटना कमीजास्त इजा झाल्याची नोंद आहे. त्यातला एक बेघर माजी सैनिक, आत्महत्येचा धोका आहे म्हणून मानसोपचार डॉक्टरनं त्याची पुढची भेट लिहिली होती, ती त्या रांगेत गेली, भेट ठरलीच नाही, आणि नंतर त्यानं हेल्पलाइनला फोन केला तेव्हा हातात ब्लेड होतं. वेळेवर मदत पोचली म्हणून तो वाचला. हे वाचल्यावर मला तो "प्रश्न मिटला" शब्द सहन होत नाही.

आणि रेकॉर्ड शेअर होण्याबद्दलच बोलायचं तर त्याच इन्स्पेक्टर जनरलचा मार्च २०२४ चा रिपोर्ट बघा. नवीन सिस्टीम असलेल्या हॉस्पिटलांतून जुन्या सिस्टीमच्या हॉस्पिटलांना औषधांची माहिती जात होती, पोचतही होती, पण औषध ओळखायचे कोडच काही ठिकाणी चुकीचे जात होते. म्हणजे दुसऱ्या गावच्या डॉक्टरनं औषध लिहिलं की ते आधीच्या औषधांबरोबर चालेल का याची कॉम्प्युटर नेहमीप्रमाणे तपासणी करणार, पण चुकीच्या यादीवर. सुमारे अडीच लाख माजी सैनिकांना हा धोका असू शकतो असं त्यात म्हटलंय. रेकॉर्ड न पोचण्यापेक्षा हे जास्त घातक आहे, कारण रेकॉर्ड नसेल तर डॉक्टर निदान विचारतो तरी की कुठली गोळी चालू आहे. एप्रिल २०२३ मध्ये व्हीएनं पुढच्या हॉस्पिटलांचं काम थांबवलं तेव्हा १७० च्या आसपास मोठ्या हॉस्पिटलांपैकी जेमतेम पाच ठिकाणी ते पोचलं होतं.

व्हिस्टाला जुनाट म्हणणं तेवढं खरं की ते १९७० च्या दशकातलं आहे आणि त्याची देखभाल महाग पडते, पण ते व्हीएच्याच डॉक्टर आणि प्रोग्रामर लोकांनी वॉर्डात बसून बनवलेलं. पेशंटच्या मनगटावरचा बारकोड आणि औषधाचा बारकोड स्कॅन करून मगच डोस द्यायचा ही पद्धत टोपेकाच्या व्हीए हॉस्पिटलमधल्या एका नर्सला भाड्याची गाडी परत करताना सुचली, तिथं गाडीचा बारकोड स्कॅन करत होते ते बघून, आणि पुढे ती देशभरच्या व्हीए हॉस्पिटलांत गेली. सगळं खापर व्हिस्टावर फोडण्यात अर्थ नाही.

राहिला मुद्दा ईसीएचएसचा. २००३ पासून ही योजना आहे, साताऱ्या-सांगलीकडचे किती काका लोक पॉलीक्लिनिकला जाताना प्लॅस्टिकच्या पिशवीत सगळी कागदपत्रं घेऊन जातात हे आपण बघतोच, आणि ती पिशवी सुटावी असं मलाही मनापासून वाटतं. पण मागणी "अमेरिकेसारखं एकच सॉफ्टवेअर" अशी नको. मागायचं ते हे, की रिलीज मेडिकल बोर्डाच्या, म्हणजे नोकरी सोडतानाच्या वैद्यकीय तपासणीच्या वेळी जे जे तपासलं, जी औषधं आणि ऍलर्जी आहेत, ते ठरलेल्या कोडमध्ये पॉलीक्लिनिकपर्यंत आलं पाहिजे. तिथून प्रायव्हेट हॉस्पिटलला रेफर केलेल्या पेशंटचं काय झालं ते परत आलं पाहिजे. रेफरल कुठं अडकलं तर ते डॉक्टरच्या स्क्रीनवर लाल दिसलं पाहिजे, आणि चालू करायच्या आधी दोन-तीन पॉलीक्लिनिकमध्ये तिथल्या फार्मासिस्ट आणि नर्सना बसवून महिनोन्महिने वापरून बघितलं पाहिजे. मेसेज पुढे पाठवायचाच असेल तर या चार ओळी त्यात घालून पाठवा.