पेटी चालते, सॅक्सोफोन बाटवतो

थोरल्या काकांचा मेसेज आला तेव्हा मी चिर्कुमवेझुवियानाच्या, म्हणजे नेपल्सकडच्या लोकलच्या, दाराला चिकटून उभा होतो. गावच्या जत्रेत चुलतभावाच्या पोराने पोवाड्याला हलगी-तुणतुण्याच्या जोडीने सॅक्सोफोन वाजवला. त्यावर काकांनी घरच्या ग्रुपवर लिहिलं, "शाहिरी बाटवली." खाली अकरा अंगठे.

काका, तुमच्या भजनी मंडळातली पेटी कुठली हो? तिचं पेटंट पॅरिसचं, 1842 चं. सॅक्सोफोनचंही पॅरिसचंच, 1846 चं. चार वर्षांनी धाकटा, एवढाच त्याचा गुन्हा. आणि पेटीलाही रेडिओने 1940 मध्ये दार लावून घेतलं होतं, तेव्हा बाटवायचा मान आधी तिचा.

मी चौदा वर्षं इटलीत, नेपल्सजवळच्या पोमिल्यानो द'आर्कोत राहतो. इथे अल्फासूदचा मोटारींचा कारखाना आला आणि शेतातली पोरं पाळीला जायला लागली, पण हातातली तम्मोर्रा, म्हणजे इथली मोठी डफासारखी चामड्याची वाद्यं, काही सुटली नाही. 1974 मध्ये 'ए झेझी' हा कामगारांचा गाणारा गट निघाला. शेजारच्या सांत'अनास्तासियात 1975 मध्ये फ्लोबेर्त कारखान्यात स्फोट होऊन कामगार मेले, त्यावरही त्यांनी गाणं केलं. या मंडळींत नेपल्सचा एक शाळकरी पोरगा शिरला, दानिएले सेपे. पुढे तो कॉन्झर्वेटरीत बासरी शिकला, पण नाव झालं सॅक्सोफोनवर. त्याच्याकडे तम्मुरियाता (तम्मोर्रावरची नाचगाणी), जॅझ, चिलेच्या विक्तोर हारा या लोकगायकाची गाणी, सगळं एकाच ताटात. सूर गुळगुळीत नाही. बाजारात सकाळपासून ओरडून घसा बसलेल्या मासेवाल्यासारखा. 1998 मध्ये दक्षिण इटलीतल्या पुलियाच्या सालेंतो भागात 'नोत्ते देल्ला तारांता' ही लोकसंगीताची जत्रा पहिल्यांदा भरली, तेव्हा तिथल्या पिझ्झिका या लोकनाचाचा वाद्यमेळ बांधायला बोलावलं कुणाला, तर या नेपल्सच्या सॅक्सोफोनवाल्याला. इथे कुणी बाटलं नाही.

काकांना अण्णाभाऊ आणि अमरशेख तोंडपाठ आहेत. 1944 चं लाल बावटा कलापथक म्हटलं की डोळे भरतात त्यांचे. गिरणीचा भोंगा शाहिरीत चालला, मग पितळेच्या भोंग्यानेच काय घोडं मारलं? आणि शुद्ध हलगीचं म्हणाल, तर हलगीवाल्याला ओसरीवर चढू न देणारं घर आपलंच होतं. हे मी ग्रुपवर लिहिलं. अंगठा एकही नाही.

काकांचं उत्तर आलं, "तिथे पिझ्झा खात बसून आम्हाला शाहिरी शिकवू नकोस."

पिझ्झा मी फक्त शनिवारी खातो. एरवी स्टेशनजवळच्या दुकानातून ज्वारीचं पीठ आणून भाकरी थापतो, आणि ती फुगतेही. हे मी का सांगतोय कुणास ठाऊक.

आता जे ग्रुपवर लिहिलं नाही, ते. यंदा पास्क्वेत्ताला, म्हणजे ईस्टरच्या दुसऱ्या दिवशी, मादोन्ना देल्ल'आर्को या मेरीमातेच्या देवस्थानाला गेलो होतो. पांढऱ्या कपड्यातले फुयेंती, म्हणजे तिथले धावणारे भाविक, अनवाणी धावत आले, लोक रडले, मलाही वारी आठवली. परतताना शेजारच्या आजोबांच्या अंगणात तम्मोर्राचं रिंगण बसलं. आजोबांची हयात कारखान्यात गेली. हवा दमट होती. चामडं ढिलं पडलं म्हणून ते तम्मोर्रा उन्हाकडे धरून बोटाने टिचकी मारत होते. तसंच टिचकी मारता मारता म्हणाले, "आता तुमच्याकडचं एक होऊ दे."

मी उभा राहिलो. पोवाड्याची एक ओळ आली, दुसरी अर्धी, मग नुसतं 'जी जी जी'. शेवटी फोन काढला आणि पुतण्याचा तोच व्हिडिओ लावला.

हलगी सुरू झाली तशी आजोबांनी मान डोलावली, मांडीवर ठेकाही धरला, आणि चुकला नाही. मग सॅक्सोफोन आला. त्यांनी डोळे उघडले, फोनकडे बोट केलं आणि विचारलं, "हे मधलं जरा बंद करता येतं का?"