चारपैकी किती?

आमचा मावसभाऊ सांगलीला कॉलेजात शिकवतो. विद्यापीठाचे निकाल लागले त्या रात्री त्यानं घरच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर एक लांबलचक मेसेज टाकला. नव्या शैक्षणिक धोरणानं मार्क संपवले, क्रेडिट आणि सीजीपीएच्या (सगळ्या सत्रांच्या सरासरी श्रेणीच्या) नावाखाली दर्जा बुडवला, आणि ही सगळी अमेरिकेची नक्कल आहे, असा त्याचा सूर. शेवटचं वाक्य मला उद्देशून होतं: "तिथल्या कम्युनिटी कॉलेजात तर कुणालाही घेतात. तिथला जीपीए म्हणजे खिरापत."

पाच-सहा अंगठे आले. काकांनी हात जोडले. मी इथं कॅलिफोर्नियातल्या फ्रीमाँटमध्ये मुलीच्या डब्याची तयारी करत होते. ते वाक्य अजून डोक्यातून जात नाही.

दादा, त्या "कुणालाही घेतात" मधली मी एक आहे. बी.कॉम. होऊन, लग्न करून, एच-४ या जोडीदाराच्या व्हिसावर इथं आले. काही वर्षं घरात काढली आणि मग जवळच्या कम्युनिटी कॉलेजात, म्हणजे मुख्यतः दोन वर्षांपर्यंतचं शिक्षण देणाऱ्या सरकारी कॉलेजात, बालविकासाच्या कोर्सला नाव घातलं. कुणालाही घेतात हे अगदी खरं आहे. १९६० साली कॅलिफोर्नियानं उच्च शिक्षणाचा जो आराखडा केला, त्यात हे ठरवूनच केलं होतं: वरच्या आठव्या हिश्शातली मुलं युनिव्हर्सिटी ऑफ कॅलिफोर्नियाकडं, वरच्या एक तृतीयांशातली स्टेट युनिव्हर्सिटीकडं, आणि कम्युनिटी कॉलेजचं दार सगळ्यांना उघडं. आज अशी ११६ कॉलेजं आहेत. राज्यातल्या रहिवाशाला एका युनिटला (आपल्याकडच्या क्रेडिटसारखं माप) ४६ डॉलर पडतात. माझ्या वर्गात एकोणीस वर्षांची पोरं होती, रात्रपाळी करून येणारी नर्सिंग असिस्टंट होती, आणि नातवंडं असलेले एक व्हिएतनामी गृहस्थ पहिल्या बाकावर बसायचे. दारात कुणाला अडवत नाहीत. आत गेल्यावर काय होतं ते दादाला माहीत नाही, आणि माहीत नसताना तो बोलला, याचा मला राग आहे.

आत गेल्यावर काय होतं ते सांगते. ए म्हणजे चार गुण, बी म्हणजे तीन, सी दोन, डी एक, एफ शून्य. प्रत्येक विषयाची युनिटं ठरलेली असतात. गुण गुणिले युनिटं, सगळ्यांची बेरीज, आणि तिला एकूण युनिटांनी भागायचं, की आला जीपीए. बी.कॉम.च्या माणसाला यात अवघड काही नाही. पण वजन युनिटांचं असतं, ही गोष्ट अंगावर आल्याशिवाय कळत नाही.

मला कळली ती एका सत्रात. इंग्रजी चार युनिटं, संख्याशास्त्र चार, बालविकास तीन आणि व्यायामाचा एक युनिटाचा वर्ग, अशी बारा युनिटं घेतली होती. मुलगी न्यूमोनियानं आजारी पडली आणि संख्याशास्त्राच्या दोन चाचण्या हुकल्या. विषय निवडायला सल्ला देणाऱ्या कौन्सेलरकडं गेले. तिनं पिवळं पॅड पुढं ओढलं आणि माझ्यासमोर तीन रकाने आखले. बाकी तीन विषयांत ए, बी आणि ए मिळेल असं धरलं: सोळा, नऊ, चार, म्हणजे एकोणतीस गुण. पहिला रकाना: संख्याशास्त्रात एफ. एकोणतीस भागिले बारा, २.४२. दुसरा: कसाबसा सी. सदतीस भागिले बारा, ३.०८. तिसरा: मुदतीच्या आत विषय सोडून डब्ल्यू, म्हणजे विषय सोडल्याची नोंद, घ्यायचा. मग भागायचं आठानंच, ३.६३. तिसऱ्या आकड्याखाली तिनं रेघ मारली नाही. त्याच्या शेजारी लिहिलं: बारापैकी आठ पूर्ण, ६६.६७ टक्के. म्हणाली, फायनान्शियल एड (शिक्षणासाठीची आर्थिक मदत) घेणाऱ्यांना घेतलेल्या युनिटांपैकी साधारण सदुसष्ट टक्के पूर्ण करावी लागतात, त्यामुळं त्यांच्यासाठी हा निर्णय काठावरचा असतो. मला एड नव्हतं, तरी तिनं ते सांगितलं.

पुढचं वाक्य मात्र माझ्यासाठीच होतं. सी आला तर तो कायमचा तुझा. या राज्याच्या कम्युनिटी कॉलेजात डी किंवा एफ आला तर विषय परत घेता येतो आणि नवा ग्रेड हिशेबात धरतात, जुना कागदावर दिसत राहतो. पण सी म्हणजे पास, आणि पास झालेला विषय आकडा वाढवण्यासाठी परत घेता येत नाही. एका विषयाला सगळ्या मिळून तीनच संधी, आणि डब्ल्यूसुद्धा त्यातली एक खाते.

दादा, आता आपल्या बोर्डाची श्रेणीसुधार योजना आठव. पास झालेला मुलगा मार्क वाढवायला परत परीक्षेला बसतो, आणि त्याला आपण जिद्दी म्हणतो. मला त्या योजनेवर आक्षेप नाही. पण पास झालेल्याला परत बसू देणारी व्यवस्था कडक आणि सीवर कायमचं शिक्कामोर्तब करणारी व्यवस्था खिरापत, हा हिशेब कुठल्या गणितात बसतो, ते मला एकदा समजावून सांग.

मी डब्ल्यू घेतला. पुढच्या सत्रात तोच विषय परत घेऊन बी मिळवला. तो डब्ल्यू माझ्या ट्रान्स्क्रिप्टवर आहे आणि राहणार आहे.

एका मुद्द्यावर दादाला उत्तर देणं सोपं नाही, आणि मी ते टाळणार नाही. तो म्हणतो, शिकवणारा तोच, पेपर काढणारा तोच, तपासणारा तोच, मग ग्रेडवर विश्वास कसा ठेवायचा? आपल्याकडं अंतर्गत गुणांचं काय होतं ते तो रोज बघतो. वीसपैकी अठरा-एकोणीस सरसकट वाटले जातात, आणि तसे वाटायला त्याच्यावरही दबाव येतो. त्याची चीड प्रामाणिक आहे. इथंही ग्रेड सैल झाल्याची ओरड आहे आणि तिच्यात तथ्य आहे. पण इथं प्रोफेसर पहिल्याच दिवशी सिलॅबस हातात देतात. गृहपाठाला इतके टक्के, चाचण्यांना इतके, फायनलला इतके, नव्वदच्या वर ए, ऐंशीच्या वर बी. सत्राच्या मध्यात मी कुठं आहे ते मला कॅनव्हासवर, म्हणजे वर्गाच्या ऑनलाइन पानावर, दशांशापर्यंत दिसत असतं. निकालाच्या दिवशी अंगावर काही कोसळत नाही, कारण पंधरा आठवडे तो आकडा माझ्या डोळ्यांसमोर हललेला असतो. सांगलीला आम्ही निकालाच्या दिवशी नेट कॅफेत जायचो तेव्हा पोटात गोळा यायचा, तो मी विसरलेले नाही. तेव्हा वाटायचं, हा गोळा म्हणजेच परीक्षा. आता तसं वाटत नाही.

आणि खिरापतीनं पुढचं दार उघडत नाही. कम्युनिटी कॉलेजची पदवी घ्यायला २.० पुरतो. युनिव्हर्सिटी ऑफ कॅलिफोर्नियात तिसऱ्या वर्षाला जायचं तर राज्यातल्या विद्यार्थ्याला किमान २.४ लागतो, तोही हस्तांतरित होणारी साठ सेमिस्टर युनिटं पूर्ण केल्यावर, आणि बर्कलीला कॉम्प्युटर सायन्ससाठी त्या किमान आकड्यावर कुणी अर्जाकडं बघतही नाही. तिथं चारच्या अगदी जवळ असावं लागतं. बारा युनिटं घेतल्यावर जीपीए दोनच्या खाली गेला की अ‍ॅकॅडेमिक प्रोबेशन, म्हणजे ताकीद. सलग दोन सत्रं खाली राहिला तर फीमाफीही जाते. माझ्या शेजारी बसणाऱ्या मुलीची अशीच गेली आणि त्यानंतर ती दिसली नाही. दार सगळ्यांना उघडं आहे, म्हणून आत सगळे टिकतात असं नाही. इथली ही बाजू मी घरच्यांना कधी सांगत नाही, कारण सांगितली की लगेच कुणीतरी म्हणतं, बघा, तिकडंही काही खरं नाही.

आता नकलेचा मुद्दा. भारतात विद्यापीठ अनुदान आयोगानं दहा गुणांची श्रेणी दिली: ओ म्हणजे दहा, ए-प्लस नऊ, ए आठ, अशी उतरत पी म्हणजे चार, आणि एफ शून्य. क्रेडिट गुणिले गुण, भागिले एकूण क्रेडिट. सूत्र अगदी तेच. दादा याला नक्कल म्हणतो. मी म्हणते, सूत्र घेतलं आणि त्याच्या आजूबाजूचं सगळं मागं ठेवलं. महाराष्ट्रात २०२४-२५ पासून संलग्न कॉलेजांतही नवं धोरण आलं, एका वर्षानं बाहेर पडलात तर प्रमाणपत्र, दोन वर्षांनी पदविका. कागदावर फार सुंदर. पण ते पिवळं पॅड घेऊन समोर बसणारं माणूस कुठल्या कॉलेजात आहे? सत्राच्या अमुक तारखेपर्यंत विषय सोडला तर एफ लागणार नाही, असं मुलांना कुणी सांगतं का? नापास झालं की केटी, आणि केटीचा अर्थ सीनियर मुलं कँटीनमध्ये समजावतात.

वर नोकरीच्या जाहिरातीत अजून साठ टक्के सलग मागतात. मग सीजीपीएचे परत टक्के करायचे, आणि त्याचं सूत्र विद्यापीठागणिक वेगळं. सीबीएसईनं दहावीसाठी सरळ साडेनऊनं गुणायला सांगितलं होतं, ते निदान सगळ्यांना पाठ होतं. दादाच्या मेसेजखाली पहिली प्रतिक्रिया काय होती? "ते ठीक आहे, पण टक्के किती होतात?"

टक्क्यांबद्दल मला बोलायचंच आहे. मला बी.कॉम.ला अठ्ठावन्न टक्के होते. फर्स्ट क्लास दोन टक्क्यांनी हुकला. आमच्या घरात, वाड्यात, लग्नाच्या बोलणीत तो आकडा माझ्या नावाला चिकटून होता. आईसुद्धा सांगताना आधी "थोडक्यात गेला" म्हणायची आणि मग आकडा. इथं शिकायचं ठरलं तेव्हा मार्कशीटं परदेशी पदव्या तपासणाऱ्या संस्थेकडं मूल्यमापनाला पाठवली. परत आलेल्या कागदावर जीपीए होता, आणि तो तीनच्या वर होता. तीच मार्कशीटं, तीच मी. कौन्सेलर म्हणाली, चांगली विद्यार्थिनी होतीस. मी पार्किंगमध्ये गाडीत बसून रडले. एवढ्या वर्षांत ते वाक्य मला कुणी म्हटलं नव्हतं.

म्हणून मी या देशाच्या बाजूनं जास्त बोलते, हे मला ठाऊक आहे. ग्रुपवर मी "इकडं असं असतं" म्हटलं की लोक गप्प होतात. ते मला आवडत नाही, पण बोलायचं थांबवताही येत नाही. मात्र संख्याशास्त्रात बी आल्यावर पहिला फोन मी सांगलीलाच लावला. इथं कुणी कुणाला ग्रेड विचारत नाही, विचारणं असभ्य समजतात, आणि इतक्या वर्षांनीही मला ते जड जातं. मला कुणीतरी विचारायला हवं असतं. आईनं विचारलं, "चारपैकी किती?" मी सांगितलं. ती म्हणाली, "म्हणजे टक्के?" मी तिला टक्के करून सांगितले. हिशेबानं त्याला काही अर्थ नव्हता, पण तिनं ते शेजारी सांगितले आणि मला बरं वाटलं. इथला आकडा मला हवा असतो तो तिथं सांगण्यासाठी. दादाच्या मेसेजचा एवढा राग आला तो त्यामुळंच. मी जे मिळवलं ते ज्या घरात मोजलं जावं असं वाटतं, त्याच घरात त्याला खिरापत म्हटलं.

दादाचं म्हणणं, मी तिकडं बसून इथल्या धोरणावर बोलू नये. पण त्याची स्वतःची मुलगी, माझी भाची, मला रात्री गुणपत्रिकेचा फोटो पाठवते, त्याला नाही. बावीस क्रेडिटांचं तिचं सत्र. एक चार क्रेडिटचा पेपर गेला आहे आणि एक दोन क्रेडिटचा. बाकी सोळा क्रेडिटांत सरासरी सात गुण आहेत. तिला दोन क्रेडिटचा आधी काढायचा आहे, कारण तो सोपा आहे. मी तिला फोनवर ढोबळ हिशेब मांडून दाखवला. आत्ता ११२ भागिले २२, म्हणजे ५.०९. दोन क्रेडिटच्या पेपरात सहा गुण मिळाले तर ५.६४. चार क्रेडिटच्या पेपरात तेच सहा मिळाले तर ६.१८. दोन्हीचा अभ्यास एकदम झेपत नसेल तर मोठा पेपर आधी काढ, असं मी तिला सांगितलं आहे. ती त्याला लागली आहे. दादानं सत्र संपेपर्यंत तिच्यासमोर दर्जाचा विषय काढू नये, एवढंच माझं त्याला सांगणं आहे.